हिरडवाडीच्या साकवाचे महत्त्व

"ज्ञानाची प्रतवारी केली नाही, तर ज्ञानकोश आणि उकिरडा यांत फरक राहत नाही," असे निरंजन दळवी बायकोला म्हणाला, पोह्यांतली मिरची ताटलीच्या कडेला काढून ठेवली आणि हिरडवाडीच्या साकवाला 'अल्प' देऊन टाकले.

उकिरड्याचा निदान खताला उपयोग होतो, असे म्हणून शुभांगीने ताटली उचलून नेली.

ज्ञानकोश इंटरनेटवरचा, कुणीही लिहावे आणि कुणीही खोडावे असा. त्यातल्या प्रत्येक लेखाच्या मागे एक चर्चापान असे आणि चर्चापानावर एक रंगीत पट्टी. या विषयाचे महत्त्व सर्वोच्च, उच्च, मध्यम की अल्प, ते त्या पट्टीवर लिहिलेले असे. मुळशी तालुक्याच्या पट्ट्या निरंजन लावी. पौडच्या ज्युनिअर कॉलेजात बावीस वर्षे भूगोल शिकवून जे समाधान मिळाले नव्हते, ते त्याला भुकूमच्या फ्लॅटमध्ये, तिसऱ्या मजल्यावर, सकाळी सात ते पावणेआठ या वेळात मिळत असे. मुळशी तालुका प्रकल्पाच्या यादीत सतरा सदस्यांची नावे होती. त्यांतले पंधरा जण नाव घालून जे गेले, ते गेलेच. उरले दोघे. एक निरंजन, आणि दुसरे पौडच्या बाजारपेठेतले बांगडीवाले जैनुद्दीन मणियार.

आपल्या लेखाला आपण पट्टी लावायची नाही, म्हणून निरंजनच्या लेखांना जैनुद्दीनभाई लावत आणि जैनुद्दीनभाईंच्या लेखांना निरंजन. विषयाशी ज्याचा घरचा संबंध असेल त्यानेही पट्टीला हात लावू नये, हा नियम निरंजनने स्वतः लिहून प्रकल्पाच्या पानावर लाल अक्षरांत टाकला होता. भुकूमच्या लेखाला त्याने त्यामुळेच कधी हात लावला नाही. जैनुद्दीनभाईंनी त्याला 'मध्यम' दिले तेव्हा निरंजनला ते आतून लागले होते. पण नियम आपलाच म्हटल्यावर बोलणार कुणाला?

दोघांच्या कामाच्या रीती मात्र वेगळ्या. निरंजनने एक तक्ता केला होता. लोकसंख्या किती, वर्तमानपत्रांतले उल्लेख किती, त्यावरून दोन मिनिटांत महत्त्व निघे. या तक्त्याप्रमाणे धरणाकाठच्या एका रिसॉर्टमधल्या कृत्रिम धबधब्याला 'मध्यम' मिळाले होते, कारण त्याच्याबद्दल चार ठिकाणी छापून आले होते. खऱ्या धबधब्यांबद्दल कुणी छापत नाही.

जैनुद्दीनभाईंकडे तक्ता नव्हता, एक जुनी एम-एटी होती. चाळीस वर्षे लग्नाघरी चुडे भरायला ते याच वाड्यावस्त्यांवर हिंडले होते. आता पट्टी लावायची म्हणून पुन्हा हिंडत. आधी जाऊन यायचे, मग लावायची. पट्टीखाली शेरा असे : 'पाहून आलो. चढ फार.' किंवा 'पाहून आलो. तळे आहे, पण लेखात लिहिले तेवढे नाही.' निरंजन हे शेरे काढून टाकी. पाहून आलो हा संदर्भ होत नाही, असे त्याने त्यांना तीनदा लिहून कळवले होते. तिन्ही वेळा उत्तर आले होते, 'बरं सर.'

साकवाला 'अल्प' मिळाले त्याच्या पंधरवडाभर आधी ते कॉलेजच्या फाटकाशी येऊन उभे राहिले होते. पाऊस होता, तरी डोळ्यांवर काळा चष्मा. काचबिंदू निघालाय, डॉक्टरांनी फोनकडे बघायचं बंद करायला सांगितलंय, तेव्हा हा लेख बहुतेक शेवटचाच, हे त्यांनी दुकान उद्या बंद राहील असे सांगावे तसे सांगितले.

"हिरडवाडीच्या साकवावर लिवलंय, सर. पट्टी तुमीच लावनार."

"लावतो की."

"पर आधी येकदा येऊन बघा. मंग काय द्यायचं ते द्या. अल्प द्या, माझं काय म्हननं न्हाई."

"भाई, आपल्याकडे डोळ्यांनी पाहिलेलं चालत नाही. छापलेलं चालतं."

"व्हय, ते हायेच," ते म्हणाले. "तरी बी."

असं काय विशेष आहे त्यात, असे निरंजनने विचारले. जैनुद्दीनभाई चष्म्यावरचे पाणी शर्टाच्या टोकाने पुसत राहिले. बघितल्यावर कळेल, एवढेच शेवटी म्हणाले.

निरंजन गेला नाही. एका रविवारी पाऊस होता, दुसऱ्या रविवारी सोसायटीत पाण्याच्या टँकरवरून सभा होती. हिरडवाडी धरणाच्या पाण्यापलीकडे, डोंगराच्या कुशीत. जाऊन यायचे म्हणजे अख्खा दिवस. त्याने लेख उघडला. लोकसंख्या एकसष्ट. वर्तमानपत्रांतले उल्लेख शून्य. फोटो एक, तोही हललेला. खाली एकोणीस ओळींची यादी : 'कोणती फळी कुणाच्या घरची.' निरंजनने ती न वाचताच उडवली, 'अविश्वकोशीय यादी' असे कारण दिले, आणि मग ते पोहे, ती मिरची आणि 'अल्प.'

संध्याकाळी चर्चापानावर दोन शब्द उमटले. 'बरं सर.' त्यानंतर जैनुद्दीन मणियार या नावाने ज्ञानकोशात एक अक्षर लिहिले गेले नाही.

डोळ्यांमुळे असेल, असे निरंजनने ठरवले. तो एकटाच पट्ट्या लावत राहिला. जतन केलेले पान पुन्हा उघडून बघायची त्याला सवय नव्हती. त्याचे स्वतःचे लेख तेवढे तसेच पडून राहिले, कारण त्यांना लावणारे कुणी उरले नव्हते. दुकान कॉलेजच्या वाटेवरच होते. काही दिवसांनी त्याने एसटी स्टँडामागून जायला सुरुवात केली. तो रस्ता जवळचा आहे, असे तो शुभांगीला सांगे. तो जवळचा नव्हता.

हिरडवाडीला तो शेवटी गेला तो पश्चात्तापाने नव्हे, निवडणुकीच्या आदेशाने. दीड वर्षानंतरची गोष्ट. जिल्हा परिषदेच्या मतदानासाठी केंद्राध्यक्ष म्हणून कागद हातात पडला आणि त्यावर केंद्राचे नाव होते हिरडवाडी. नाव रद्द करून घेण्यासाठी त्याने रक्तदाबाचे प्रमाणपत्र जोडून पाहिले. तिथे असे प्रमाणपत्र सगळ्यांचेच होते.

मतदानाच्या आदल्या दिवशी दुपारी जीप घळीच्या अलीकडे थांबली. पुढे चाक जात नव्हते. घळीवर साकव होता आणि साकवाच्या तोंडाशी शाळेची किल्ली घेऊन सारजाबाई बसल्या होत्या. वय सत्तरीच्या आसपास, कासोटा घातलेला, हातात कोपरापर्यंत हिरव्या बांगड्या. चला, ऊन खाली जायच्या आत यंत्रं न्यायला पाहिजेत, म्हणाल्या, आणि पुढे झाल्या.

दोन लांब सोट या काठावरून त्या काठावर टाकलेले, आणि त्यांवर आडव्या फळ्या. खाली दहा पुरुष खोल. फळ्या एकसारख्या नव्हत्या. कुठे जांभळाची, कुठे ऐनाची, कुठे जुन्या दाराची. आणि मध्येमध्ये फळी नव्हतीच. नुसती खाली घळ दिसे. निरंजनने मतदानयंत्राची पेटी छातीशी धरली आणि या मोकळ्या जागा बुजवत का नाहीत, असे केंद्राध्यक्षाच्या आवाजात विचारले. समोर एवढं रान आहे, लाकडाला काय तोटा?

"लाकूड लई हाय. पर फळी ज्याची त्यानंच घालायची असती. घरटी येक."

"आणि जे गाव सोडून गेले त्यांची?"

"त्यांची जागा ऱ्हाती. उद्या आली परत, तर? दुसऱ्याची फळी बसल्याली बघून मानसानं पाय कुटं ठिवायचा?"

त्या चालता चालता सांगत होत्या, ओळखीच्या आळीतून जाताना दारे दाखवावीत तसे. ही आमची. ही वाळंजांची. ही कंधाऱ्यांची, त्यांचा ल्योक हिंजवडीत वॉचमन हाय, पर पावसाआधी येऊन फळी बदलून जातो, चुकत न्हाई. ही सगुणाबाईची, तिच्यामागं कोन न्हाई तरी भाच्यानं घातली. मग त्या थांबल्या. पुढे हातभर काहीच नव्हते.

"ही दळव्यांची. पाय लांब टाका."

निरंजनने पाय टाकला नाही. कुठले दळवी, असे त्याने विचारले.

"हितलंच. म्हाताऱ्याचं पोरगं घरजावई झालं, तिकडं खाली भुकूमला. पर भला मानूस. दर उन्हाळ्यात येष्टीवर फळी टाकून यायचा आनि हितं बसवून जायचा. त्यो गेला, मंग शेवटची फळी बी कुजली."

मे महिन्यात एसटीच्या टपावर लाकूड बांधून घेणारे वडील निरंजनला आठवले. कुठे जाताय विचारले की ते म्हणत, वरच्या कामाला. वरचे काम म्हणजे काय, हे त्याने कधी विचारले नव्हते; आपण मूळचे भुकूमचेच, असे तो धरून चालला होता. सुट्टी असे, मुलांबरोबर विहिरीवर जायचे असे.

"त्याचा मुलगा सर हाय म्हनं पौडला," सारजाबाई पलीकडून म्हणाल्या. "आमचं बांगडीवालं भाई म्हनत व्हतं, मावशे, आनतो त्याला येकदा. पर आधी सांगायचं न्हाई. कसला तरी नियम हाय, कळलं तर त्यो मागं सरंल. मी दोन येळा वाट बघितली हितं, कोन आलं न्हाई." आणि मग एकदम, "सायेब, तुमचं नाव काय?"

"केंद्राध्यक्ष," निरंजन म्हणाला, आणि त्याने पाय लांब टाकला.

मतदान शांततेत पार पडले.

पेट्या जमा करून तो दुसऱ्या दिवशी कॉलेजला जाताना बाजारपेठेतून गेला. जैनुद्दीनभाई एका बाईचा पंजा आपल्या बोटांनी चाचपून बांगडीचे माप काढत होते. बाई गेल्यावर निरंजन पायरीवर बसला.

"बघून आलो, भाई."

त्यांनी आवाजाच्या दिशेने मान वळवली. "ड्यूटी लागली व्हय?"

"हो."

"तरीच. सरकारनं ढकलल्याबिगर तितं कोन जातंय."

"तुम्ही मला सांगायला हवं होतं."

"सांगितलं असतं, तर तुमी पट्टीला हात लावला नसता. मला लावता येत न्हाई, लेख माझा. मंग लावनार कोन, सर? दोगंच तर हाय आपन." त्यांनी हिरव्या बांगड्यांचा एक तोडा उचलला आणि काच वाजवून पाहिली. "म्हटलं, आधी बघू द्या. पाय टाकला की कळंल. आनि मंग दिलं असतं अल्प, तरी चाललं असतं."

निरंजनने माफी मागायचे वाक्य वाटेत तयार केले होते. ते चांगले झाले होते, म्हणूनच त्याला ते बोलवेना. उद्या सकाळी बदलतो, एवढेच तो म्हणाला.

"आनि नियम?"

"उद्या सकाळी, सातला."

"मंग फोन लावा. मला आता दिसत न्हाई, वाचून दाखवा."

दुसऱ्या दिवशी सातला त्याने लेखाच्या इतिहासात जाऊन एकोणीस ओळींची यादी परत आणली. या वेळी वाचली. अकरावी ओळ अशी होती : 'दळवी, सध्या भुकूम. फळी नाही. जागा आहे.' मग त्याने चर्चापानाच्या संपादन-चौकटीतले 'अल्प' खोडले, 'उच्च' लिहिले, तेही खोडले आणि 'सर्वोच्च' लिहिले. नऊ वर्षांत आपलाच नियम त्याने प्रथमच जाणूनबुजून मोडला. कारणाच्या रकान्यात त्याने 'पाहून आलो' असे लिहिले आणि जतन करून फोन लावला.

"हां, वाचा, सर."

निरंजनने चर्चापान उघडले. त्यावर पट्टीच नव्हती. त्याने पान पुन्हा उघडले, मग भुकूमचे उघडले, मग रिसॉर्टच्या धबधब्याचे. पट्टी कुठेच नव्हती.

"सर?"

"महत्त्व, सर्वोच्च," निरंजन रिकाम्या पानाकडे बघत म्हणाला.

पलीकडे बांगड्या वाजल्या. "लई झालं," जैनुद्दीनभाई म्हणाले. "उच्च पुरं व्हतं."

ज्ञानकोशाच्या मदतकेंद्रावर निरंजनने चौकशी केली. दुपारी उत्तर आले. महत्त्वाची पट्टी गेल्या वर्षीच्या जानेवारीत सर्व लेखांवरून काढण्यात आली आहे. तेव्हापासून त्यात काहीही लिहिले तरी ते पानावर दिसत नाही. काढण्यापूर्वी तीस दिवस हरकती मागवल्या होत्या. एकही आली नाही.