दादाच्या दारातली जप्तीची पोकलेन

चुलतभावाची, मनोजची, नवी पोकलेन मशीन शेलार गावच्या रस्त्यावरून गेली की केसरीनाथच्या पोटात दुखायला लागायचं. त्याची स्वतःची जुनी जेसीबी घरामागच्या आवारात गंजत उभी, आणि गावातली कामं सगळी मनोजला. हळदीला नवरदेव मिरवायचा तोही मनोजच्याच मशीनच्या बकेटमध्ये. केसरीनाथ थोरला, धंद्यात आधी उतरलेला, पण विचारतो कोण! जेवताना घासागणिक हेच आठवायचं.

खारबावच्या खाडीलगत एका गोदामवाल्याने मनोजला भरावाचं काम दिलं. तिवरांवर माती पडू लागली आणि केसरीनाथला एकाएकी तिवरांचा कळवळा आला. आजवर त्याने स्वतः खाडीकाठची किती खाजणं बुजवली, ते विचारू नका. त्याने तहसील कचेरीत निनावी फोन ठोकला. पाणथळ जागेत भराव केला म्हणून मनोजवर खटला झाला, मशीन जप्त झाली. केसरीनाथने त्या दिवशी घरी मटण आणलं.

पण कचेरीच्या आवारात जप्तीचे डंपर आधीच दाटीवाटीने उभे होते. जवळपास कुणाची मोकळी जागा आहे का, असं साहेबांनी विचारलं, तर मनोजनेच हौसेने दादाचं नाव पुढे केलं. केबिनच्या दाराला लाखेचं सील लागलं, आणि मशीन सांभाळायची जबाबदारी चावीसकट केसरीनाथच्या गळ्यात पडली.

आता ती पिवळीधमक बया त्याच्याच दारात! मनोज रोज यायचा, बाहेरून फडकं मारायचा. "दादा, तुझ्या दारान हाय म्हंजे माझ्याच दारान हाय," म्हणायचा. केसरीनाथची बायको कमळा त्याला तांदळाची भाकरी वाढायची, वर त्याच्या कीवेने स्वतःच डोळे पुसायची. गावकरी मशीन बघायला येत आणि जाताना जेसीबीकडे ढुंकूनही बघत नसत. जप्त होऊनसुद्धा मान ह्याचाच, म्हणून केसरीनाथ धुमसत राहायचा.

एका दुपारी कमळा बाजाराला गेली होती. केसरीनाथ उठला, सील उचकटलं आणि आत जाऊन बसला. मऊ सीट, गार एसी. दांडीला बोट लावलं की ते एवढं धूड लोण्यासारखं वळत होतं. त्याला वाटलं होतं, एकदा चालवली की जीव थंड होईल. कसला थंड होतोय! जळफळाट दुप्पट झाला. मग कमळा बाहेर पडली रे पडली की तो आत बसायचा आणि परसातली माती उगाच उकरायचा, पुन्हा बुजवायचा; उतरताना सील होतं तसं चिकटवून ठेवायचा.

इकडे मशीन परत मिळावी म्हणून मनोजने भिवंडीच्या कोर्टात अर्ज केला. तपासणी झाली, तर सील तुटलेलं आणि इंजिनाचे तास मोजणारा मीटर पुढे सरकलेला. सरकारी वकील कडाडले, रोज तिथे जाणाऱ्या मालकानेच जप्तीची मशीन चोरून वापरली, त्याला ती मुळीच परत देऊ नये. केसरीनाथ तिथेच उभा होता. तो गप्प राहिला की मनोजची मशीन गेलीच. त्याला दुसरं हवं होतं काय? तो छताचा पंखा बघत राहिला.

मनोजने दादाच्या तोंडाकडे पाहिलं. त्याला काय उमगायचं ते उमगलं असावं.

"साहेब, माझ्याच हातून झालं," तो म्हणाला. "दादाला काय ठाव न्हाय."

कोर्टात कुजबुज झाली. मागच्या बाकावर बसलेल्या कमळाने पदर डोळ्यांना लावला. केसरीनाथच्या तळपायाची आग मस्तकात गेली. मशीन ह्याची मोठी, नाव ह्याचं मोठं, आणि आता मनही ह्याचंच मोठं? थोरला मी, आणि माझी चूक पदरात घालून घेणार हा? हे मात्र त्याला सोसवेना.

"खोटा बोलतंय तो, साहेब!" तो ओरडलाच. "सील मी तोरलं. मशीन मी चालवली. यानी हात पन न्हाय लावला!"

न्यायाधीशांनी त्याचा जबाब लिहून घेतला. खटला संपेपर्यंत हमीवर मशीन मनोजला परत द्यायचा हुकूम झाला, आणि केसरीनाथवर सील तोडल्याचा गुन्हा.

बाहेर व्हरांड्यात गाववाले केसरीनाथच्या पाठीवर थापा मारत होते. भावासाठी स्वतःच्या मानेवर सुरी घेतली, असं जो तो म्हणत होता. मनोज वाकून त्याच्या पाया पडला. तो उठला तेव्हा केसरीनाथने मोठ्या आशेने त्याच्या तोंडाकडे निरखून पाहिलं, कुठे जरासा तरी हेवा दिसतोय का. मनोजचे डोळे नुसते भरून आले होते.