दुसऱ्या कडव्याची पहिली ओळ

शरच्चंद्र बक्षींना अर्धांगवायूचा झटका आला आणि माणिकताईंनी शिकवण्या बंद केल्या. माधव नगरमधल्या शाळेत त्यांनी एकतीस वर्षं इंग्रजी शिकवलं होतं. निवृत्तीनंतरही मुलं घरी येत; पण आता नवऱ्याला उठवणं, बसवणं, फ्रीगंजला स्पीच थेरपीला नेऊन आणणं यातच दिवस संपायचा. त्यांची जुनी विद्यार्थिनी ऋचा इंदूरला एका कंपनीत होती. गाण्यांना हिंदी सबटायटल देण्याचं काम ती बघायची. तिनेच हे घरबसल्या करता येईल असं काम दिलं. गाणं ऐकायचं, शब्द इंग्रजीत उतरवून घ्यायचे, मग खाली हिंदी लिहायचं.

मे महिन्यात तिने जे पाठवलं, ते दोन अमेरिकन रॅपरांनी मिळून केलेलं गाणं होतं. या प्रकाराला ट्रॅप म्हणतात, असं ऋचाने समजावून सांगितलं. गाणं बाहेर यायचं होतं म्हणून फाइलवर नावं नव्हती, फक्त नंबर होता. खाली छातीत घुमणारा जड ठोका, वर शिलाईची मशीन भरधाव चालावी तशी टिकटिक. पहिला रॅपर स्वच्छ बोलायचा. आपण गाव सोडलं, आईला घर घेऊन दिलं, आता जुन्या मित्रांचा फोन आला की काय बोलावं सुचत नाही, असं काहीसं तो सांगत होता. त्याचं कडवं माणिकताईंनी एका सकाळीत उतरवलं. दुसरा त्यातलाच एक मित्र असावा. तो उत्तर देत होता, पण तोंडात सुपारी धरून बोलल्यासारखं. बाकीचं कडवं हळूहळू हाती आलं. तू गेलास, मी इथेच राहिलो, असा त्याचा सूर होता. त्याची पहिली ओळ मात्र काही केल्या लागेना.

हेडफोन लावून त्या ती ओळ पुन्हा पुन्हा ऐकायच्या. सॉफ्टवेअरमध्ये आवाज अर्ध्या वेगाने लावता यायचा. तसा लावला तर माणूस गाढ झोपेतून बोलतोय असं वाटे. पण कळत काही नव्हतं. अशी ओळ ‘अस्पष्ट’ लिहून सोडून द्यायची परवानगी होती. तरी त्यांना ते पटत नव्हतं. इंग्रजी शिकवण्यात जन्म गेला, आणि एक ओळ आपल्याला ऐकू येऊ नये?

त्याच दिवसांत शरच्चंद्र एक शब्द सारखा म्हणत होते. त्यांना समजायचं सगळं, पण जीभ वळत नव्हती. माणिकताईंना ऐकू आलं ते ‘नानाखेडा’. मुलगा तुषार पुण्याला होता आणि त्याच्याकडे जायची बस त्या नेहमी नानाखेड्याच्या बसस्टँडवरून पकडत. यांना तुषारकडे जायचंय, हे त्यांनी मनाशी ठरवून टाकलं. डॉक्टर हो म्हणाले की जाऊ, असं पहिल्या दिवशी त्यांनी नीट समजावलं. दुसऱ्या दिवशी थोडक्यात सांगितलं. तिसऱ्या दिवशी दुपारी ते पुन्हा तेच म्हणाले, तेव्हा हेडफोन न काढताच त्या म्हणाल्या, “हो, हो. जाऊ.”

शरच्चंद्रांनी डावा हात लांब करून हेडफोनची वायर ओढली. माणिकताई चपापल्या. शरच्चंद्रांनी कॉम्प्युटरकडे बोट दाखवलं आणि एकेक शब्द जुळवत म्हणाले, “त्याचं... परत. परत. परत.” मग तोच हात स्वतःच्या छातीवर ठेवला. “माझं... नाही.”

माणिकताईंनी हेडफोन काढून ठेवला. खोटं बोलायला जागाच नव्हती. सकाळपासून त्यांनी त्या परक्या माणसाची ओळ चाळीस वेळा तरी ऐकली होती, आणि नवऱ्याला तीन दिवसांत एकदाही “परत सांगा” म्हटलं नव्हतं. कंटाळा आला होता, हे खरं होतं. दिवसभर कान देऊन देऊन त्या थकल्या होत्या. जे काम संपवून बाजूला ठेवता येतं, तेवढंच त्यांना जमत होतं.

त्यांनी मोबाइल काढला. “एकदाच सांगा,” त्या म्हणाल्या. “मी टेप करून घेते. मग तुम्हाला परत परत सांगायला नको.”

ते बोलले. माणिकताईंनी तो आवाज कॉम्प्युटरवर घेतला आणि गाण्यासारखाच अर्ध्या वेगाने लावला. तीन वेळा ऐकला. चौथ्यांदा शब्द सुटे झाले. न... नखं... काढ.

उजवा पाय गार पडतो म्हणून उन्हाळ्यातही त्यांच्या पायात मोजे असायचे आणि माणिकताई ते घाईघाईत बदलायच्या. आता त्यांनी मोजा काढून पाय उजेडात धरला. अंगठ्याचं नख वाढून मांसात घुसलं होतं. कड लाल झाली होती.

त्यांनी गरम पाणी आणलं, पाय भिजत ठेवला आणि खाली बसून, दुखणार नाही अशा बेताने, नखं काढली. बराच वेळ लागला. “मला वाटलं, तुम्हाला तुषारकडे जायचंय,” त्या मान वर न करता म्हणाल्या. “नानाखेड्याला घेऊन चल म्हणताय.”

शरच्चंद्रांच्या तोंडाची एक बाजू हसली. “नानाखेडा,” ते म्हणाले. अगदी स्पष्ट, एका दमात.

त्यावर त्याही हसल्या आणि मग टॉवेलने पाय पुसता पुसता त्यांना रडू आलं.

ती ओळ त्यांनी संध्याकाळी ‘अस्पष्ट’ लिहून पाठवून दिली. दोन दिवसांनी ऋचाचा फोन आला. कंपनीने अमेरिकेत विचारून घेतलं होतं. रेकॉर्डिंगच्या वेळी त्या दुसऱ्याला शब्द सुचले नव्हते, म्हणून तालात बसतील असे नुसते आवाज त्याने तोंडाने भरून ठेवले होते. शब्द नंतर घालायचे होते. पण त्याच्या मित्राला ते तसेच आवडले, म्हणून राहिले.

“तिथे शब्दच नाहीत, मॅडम,” ऋचा म्हणाली. “आपण रिकामं सोडून देऊ.”

तीही बिचारी दमलेली वाटत होती. पुढची फाइल आजच पाठवू का, असं तिने विचारलं. माणिकताईंनी सोमवारी पाठव म्हणून सांगितलं. त्यांना राग आला नाही, हसूही आलं नाही. नुसतं आडवं व्हावंसं वाटलं.

खोलीत येऊन त्यांनी शरच्चंद्रांना सगळी हकिगत सांगितली. त्यांनी लक्ष देऊन ऐकली आणि ते काहीतरी म्हणाले. माणिकताईंना कळलं नाही. परत सांगा, म्हणाल्या. त्यांनी परत सांगितलं. तेही कळलं नाही. तिसऱ्यांदा शब्द आणखीच गढूळ झाला आणि त्यांनी हात हलवून राहू दे अशी खूण केली.

“राहू दे काय,” त्या म्हणाल्या. “मी आहे इथे. थोडं थांबून सांगा.”

शरच्चंद्रांनी मान डोलावली आणि डोळे मिटले. तेही दमले होते. माणिकताईंनी कूलरचं तोंड त्यांच्याकडे वळवलं आणि शेजारच्या खाटेवर पडल्या. सावकाश दोघांनाही झोप लागली.