साडेतीन मिनिटांचा प्रश्न

मी टेपरेकॉर्डर बोलतोय. हसू नका. आयुष्यभर दुसऱ्यांचं बोलणं जसंच्या तसं परत म्हणून दाखवलं, स्वतःचं म्हणून एक अक्षर काढलं नाही. आता माझी मोटर कुरकुरते, बटणांवरच्या खुणा पुसल्या गेल्यात. तेव्हा म्हटलं, आपलंही थोडं सांगून घ्यावं.

मला जोडणाऱ्या सगळ्या बायकाच होत्या. बारीक स्क्रू लावायला बायकांचीच बोटं लागतात, असं कारखान्यातले साहेब म्हणायचे. साहेबांच्या खुर्चीत बसायला कुठली बोटं लागतात, ते मात्र त्यांनी कधी सांगितलं नाही. मी तेव्हा अगदीच नवा होतो, म्हणून गप्प बसलो.

चार महिने दुकानात गाणी म्हणून दाखवल्यावर मला प्राध्यापक बाईंनी घरी आणलं. बाई स्त्रीमुक्तीवर लिहायच्या. मोर्चे, संप, परिषदा, कुठे कोण कशासाठी रस्त्यावर उतरलं, सगळं त्यांना तोंडपाठ. बायकांचा इतिहास बायकांच्याच तोंडून लिहिला गेला पाहिजे, असं त्या तळमळीने सांगायच्या, आणि त्यात काही खोटं नव्हतं. मला त्यांचा अभिमान होता, अजूनही आहे. खोड एकच होती. बाईंना बोलायला फार आवडायचं.

त्यांचं मोठं पुस्तक लिहून होत आलं होतं. फक्त एक प्रकरण अडलं होतं, शर्ट शिवणाऱ्या कारखान्यातल्या बायकांच्या जुन्या संपाचं. तो संप सुरू कसा झाला हे नीट सांगू शकेल अशी एकच बाई उरली होती, काजं-बटणं करणाऱ्या मावशी. आणि मावशी शनिवारी लेकीकडे निघाल्या होत्या, फार लांब, कायमच्या. म्हणून मंगळवारी बाई मला काखेत मारून त्यांच्या घरी पोचल्या.

मावशींनी खुर्ची पुसून दिली, पंखा लावला. बाईंनी माझं लाल बटण दाबलं आणि प्रश्न विचारायला सुरुवात केली. त्या प्रश्नात कामगार चळवळीचा इतिहास होता, स्त्रीच्या दुहेरी शोषणाचं विवेचन होतं, दोन परिषदांचे ठराव होते. मी मोजलं, प्रश्न साडेतीन मिनिटं चालला. शेवटी बाई म्हणाल्या, "म्हणजे तुमची त्यामागे एक भूमिका होती, असं म्हणता येईल ना?"

मावशी म्हणाल्या, "हो."

मग त्या जरा पुढे सरकल्या. "तसं काय झालं बाई, तो बिल्ला..."

"बरोबर! हेच मला म्हणायचंय," असं म्हणून बाईंनी पुढचा प्रश्न सुरू केला. मावशी पुन्हा मागे टेकल्या.

बाई खूश होऊन घरी आल्या आणि टेप उतरवून काढायला मला सासूबाईंच्या हवाली केलं. सासूबाई एकेकाळी कचेरीत लघुलेखिका होत्या. साहेब खोकले तरी कागदावर खोकला उमटायचा, असा त्यांचा लौकिक. त्यांनी चष्मा लावला, दोन दिवस मला पुढे-मागे पळवलं आणि गुरुवारी दुपारी कागदांची चवड सुनेपुढे ठेवली. एकतीस पानं भरली होती. त्यांत मावशींच्या नऊ ओळी होत्या. मधूनमधून कंसात लिहिलं होतं, 'मावशी काही सांगू लागतात. सूनबाई बोलतात.'

बाईंचा चेहरा पडला. "आई, हे कंस कशाला?"

"जे झालं ते लिहिलं. माझ्या पदरचं काही घातलेलं नाही." सासूबाईंनी चष्मा पुसला. "पुस्तकाचं नाव काय म्हणालीस गं?"

"'बोलू द्या तिला'."

"मग दे की!"

मला इतकं हसू आलं की टेप अडकते की काय असं वाटलं. पण बाई हसल्या नाहीत. त्यांनी ती एकतीस पानं पहिल्यापासून वाचली, आणि त्यांचे डोळे भरून आले. "उद्याचा एकच दिवस आहे, आई. आणि माझ्याच्यानं गप्प बसवणार नाही हो."

"हातात काहीतरी काम घे. हात गुंतले की तोंड आपोआप थांबतं."

शुक्रवारी आम्ही परत गेलो. मावशींचं सामान बांधून झालं होतं, फक्त नातवाचा एक शर्ट राहिला होता. बाईंनी तो मागून घेतला आणि बटणं लावायला बसल्या. मान खाली घालून एवढंच म्हणाल्या, "मावशी, त्या बिल्ल्याचं काय झालं?"

आणि मावशी बोलल्या! चाळीस बायकांत मिळून पितळेचा एक बिल्ला होता. तो हातात असेल तरच संडासला जायचं. बिल्ला मुकादमाच्या टेबलावर असायचा. एक दिवस सात महिन्यांची पोटुशी पोर तासभर उभी राहिली, आणि मुकादम बिल्ला खिशात घालून जेवायला गेला होता. दुसऱ्या दिवशी मावशींनी तो बिल्ला उचलला आणि परकराच्या नेफ्यात शिवून टाकला.

"मुकादम म्हणाला, बिल्ला सापडेपर्यंत कुणी उठायचं नाही. म्हटलं, साहेब, बिल्लाच नाही तर परवानगी तरी कशाची मागायची? उठले. माझ्यामागे सगळ्याच्या सगळ्या उठल्या. तेव्हा मशिनं बंद पडली ती तीन आठवडे. भूमिका-बिमिका काय ती मला नाही सांगता यायची, बाई. जोराची लागली होती!"

दोघी डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसल्या. बाईंचं "बरं" आणि "मग?" सोडलं तर कॅसेटच्या पूर्ण बाजूभर एकट्या मावशींचा आवाज आहे. बाईंनी चार बटणं लावली, चारही वाकडी. मावशींनी ती उसवली आणि पुन्हा लावली.

प्रकरण पूर्ण झालं, पुस्तक निघालं. मला वाटलं, आपलं काम संपलं. पण एका सकाळी बाईंनी मला स्वयंपाकघरात नेलं. सासूबाई भाजी निवडत होत्या. बाईंनी त्यांच्यासमोर मला ठेवलं, अर्धी जुडी स्वतःकडे ओढली आणि लाल बटण दाबलं.

"आई, तुम्ही नोकरी का सोडलीत?"

घरात सगळ्यांनी ठरवूनच टाकलं होतं की त्यांना घराची आवड होती. बाईही वीस वर्षं तेच धरून चालल्या होत्या, स्त्रीमुक्तीवर पाच पुस्तकं लिहून.

"माझं काय उतरवायचंय त्यात?" सासूबाई म्हणाल्या. बाईंनी पुढची काडी निवडायला घेतली. टेपवर बराच वेळ नुसता देठ मोडल्याचा आवाज आहे. मग सासूबाई हळूच म्हणाल्या, "मी नाही सोडली गं. राजीनामा ह्यांनी लिहिला. मी फक्त टाइप केला, एकही चूक न करता." आणि त्या बोलत गेल्या.

पंचेचाळीस मिनिटांनी टेप संपली, माझं बटण खटकन वर आलं. सासूबाईंना कळलंही नाही, त्या बोलतच होत्या. बाईंचा हात माझ्याकडे आला, थांबला आणि सासूबाईंच्या हातावर जाऊन बसला. त्यापुढचं माझ्याकडे काही नाही.

हल्ली मी कपाटावर असतो. ती कॅसेट अजून माझ्या पोटात आहे. तुमच्या घरीही कुणीतरी भाजी निवडत बसलेलं असेल. प्रश्न एकच विचारा, आणि छोटा विचारा. मला खाली काढायची गरज नाही.