मंद खोलीतलं चौथं पत्र

आमच्या अकादमीत काळाचा अभ्यास चालतो. बाकी कशालाच कुणाला वेळ नाही. साध्या अर्जावर सही मागितली तरी संचालक म्हणतात, "बाई, वेळ लागेल." हे सांगायचा पगार घेता होय, असं मी एकदा तोंडावर विचारलं होतं. माझी जीभ ही अशी. मी इथली बाइंडर. नोंदवह्या शिवते, पुठ्ठे चढवते, खळ ढवळते आणि येणाऱ्या-जाणाऱ्यावर खेकसते.

खेकसायला कारण आहे. तळमजल्यावर जिन्याखाली एक मंद खोली आहे. आत एक मिनिट गेलं की बाहेर एक वर्ष सरतं. का, ते कुणालाच ठाऊक नाही. दुसऱ्या मजल्यावर एक कपाट आहे, त्यात ठेवलेलं पिकलं फळ हिरवं होत जातं. त्याचंही कारण ठाऊक नाही. नुसती जाडजूड पुस्तकं लिहितात आणि माझ्याकडे शिवायला पाठवतात.

त्या मंद खोलीत माझा दादा गेला. लंबकाची नोंद घ्यायची, पाच मिनिटांचं काम. म्हणजे आमची पाच वर्षं. आईला त्यानं सगळं नीट समजावलं होतं. आई तेव्हा अठ्ठावन्नची, चांगली खुटखुटीत. "पाच वर्षं काय, बघता बघता जातील. जा," म्हणाली. दारात वळून तो म्हणाला, "आलोच."

त्याला आता अठरा वर्षं झाली. दादा आत अजून अडतीसचाच, आणि मी त्याची धाकटी बहीण, चोपन्नची!

दार फक्त आतून उघडतं. बाहेरून काय ती पत्रपेटीसारखी एक फट. पाच वर्षं उलटली, हा काही आला नाही, तेव्हा मी पहिलं पत्र टाकलं. चार पानं, पाठपोट. लाज कशी वाटत नाही, आई रोज खिडकीत बसते, तुला माणसं प्यारी की लंबक, सगळं लिहिलं. पठ्ठ्या ढिम्म. चार वर्षांनी दुसरं टाकलं, पाच पानांचं. मग तिसरं, सहा पानांचं, आणि वर लाल शाईनं: शेवटपर्यंत वाच, एक ओळ गाळलीस तर याद राख. पालथ्या घड्यावर पाणी.

आत काय चाललंय ते बघायची सोय होती. भिंतीतल्या भोकातून दर महिन्याला एक फोटो काढतात. पण फोटो गोपनीय. मी अर्ज केला. उत्तर आलं, आपण संबंधित व्यक्ती नाही. मी संचालकांना म्हटलं, "साहेब, एका आईच्या पोटी जन्मलोय. आणखी किती संबंध हवा?" ते म्हणाले, "नियम बघावा लागेल." तेरा वर्षं नियमच बघतायत. भिंतीवर डोकं आपटून घ्यावंसं वाटायचं.

आणि मग एका सोमवारी डॉक्टर म्हणाले, आईचं हृदय थकलंय, फार तर तीन महिने. आई रडली नाही. तिनं एवढंच विचारलं, "तोवर येईल ना गं तो?"

मी घरी येऊन चौथं पत्र लिहिलं. आठ पानं. डॉक्टरांचं म्हणणं, आईचं बोलणं आणि अठरा वर्षांचा राग. दुसऱ्या दिवशी सकाळी कामावर येताना फटीत खुपसलं. तिथं पत्र लगेच पडत नाही. आतला काळ ते हळूहळू ओढून घेतो, संध्याकाळपर्यंत शेपूट बाहेर दिसतं. मी थांबले नाही, वर गेले.

उन्हं कलताना टेबलावर एक गठ्ठा येऊन पडला. शिपाई म्हणाला, "तपासणी येतेय. अल्बम बांधून हवाय, आजच." वरचा कागद काढला, बघते तर काय, मंद खोलीचे फोटो. सगळेच्या सगळे, दोनशे सोळा. ज्यांच्यासाठी तेरा वर्षं उंबरे झिजवले, ते बांधायला माझ्याच टेबलावर! हसावं की रडावं कळेना.

शिवण्याआधी क्रम तपासायचा तर बाइंडर गठ्ठा ठोकून सरळ करतो, अंगठ्यानं कड दाबतो आणि पानं फर्रकन सोडतो. हाताची सवय. मी सोडली, आणि दादा चालायला लागला.

लंबकापाशी वाकला, वहीत लिहिलं, वही मिटून दाराकडे निघाला. कडीला हात घालणार, तेवढ्यात फटीतून पत्र पडलं. त्यानं उचललं. दाराशी अंधार, म्हणून परत दिव्यापाशी गेला. वाचत बसला. पान उलटलं, आणखी एक उलटलं, डोळे पुसले. उठून घाईघाईनं निघाला. दुसरं पत्र पडलं.

"अरे, नको उचलूस!" मी ओरडलेच. शिपाई दचकला.

उचललं त्यानं. परत दिवा. लहानपणापासून असाच आहे, मी कितीही बडबडले तरी शेवटपर्यंत ऐकून घेणारा. तिसऱ्या वेळी तर कडीवर बोटं टेकली होती.

तो आला नाही असं नव्हतं. तो तीनदा निघाला होता. मीच त्याला तेरा वर्षं माझ्या शिव्या वाचत बसवलं होतं. मेले मी, काय करून बसले हे!

शेवटच्या फोटोत तो दारापासून दोन पावलांवर होता. दोन पावलं आणि कडी, म्हणजे पंधरा सेकंद. आमचे तीन महिने. आणि फटीत माझं आठ पानांचं पत्र.

जिना कसा उतरले कोण जाणे. शेपूट करंगळीच्या नखाएवढं उरलं होतं. चिमटीत धरलं, ओढलं, हलेना. आतून कुणीतरी गच्च धरावं तसं. शेवटी गुडघे टेकले आणि दातांनी ओढलं. मागून संचालकांचा आवाज आला, "बाई, टाकलेलं पत्र परत घ्यायला अर्ज लागतो."

पत्र सुटून तोंडात आलं. "द्या अर्ज," मी म्हटलं. "भरते तेरा वर्षांनी."

त्यानंतर मी तोंडाला कुलूप लावलं. एक चिठ्ठी नाही, एक हाक नाही. कधी नव्हे ते गप्प बसणं, आणि तेही रोज त्या दारासमोर. अकराव्या आठवड्यात कडीचं बाहेरचं टोक हलू लागलं, दिवसाला सूतभर. मग मी आईला चाकांच्या खुर्चीतून तिथं आणायला लागले. तिचं नुसतं चिपाड झालं होतं, पण नजर कडीवरून हलत नव्हती. दार उघडायलाच आठवडा गेला. मग एका दुपारी उंबरा ओलांडून दादा एकदम आमच्या वेळात आला.

आला तो वैतागलेला. हातात चुरगळलेली तीन पत्रं. मी खुर्चीच्या पुढ्यात उभी होते, केस पांढरे, खांद्यावर आईची शाल. मला पाहून त्याचा चेहरा उजळला.

"आई! बरं झालं तूच आलीस. तुझ्या लेकीला आवर गं जरा. निघालो की पत्र, निघालो की पत्र! पाच मिनिटं धीर म्हणून नाही पोरीला."



"सांगते तिला," मी म्हटलं, आणि आईच्या खुर्चीसमोरून बाजूला झाले.