माल्विनासला न पोचलेला पाँचो

मित्रांनो, मी लढाईवर निघालेला, पण न पोचलेला एक जुना पाँचो आहे. पाँचो म्हणजे डोकं घालायला मधोमध चीर ठेवलेली जाड घोंगडी. देशाच्या उत्तरेकडच्या उबदार कोरिएन्तेस प्रांतात एर्मेलिंदाने मला मागावर विणलं आणि काठाला एकच लाल गोंडा लावला. तिचा नवरा सिरिलो मला अंगावर घेऊन गुरांमागे हिंडायचा.

दूर दक्षिणेच्या गारठलेल्या माल्विनास बेटांसाठी युद्ध पेटलं, तेव्हा त्यांचा एकुलता एक निकानोर तिकडे गेला. उन्हात वाढलेलं पोर ते, बर्फ त्याने चित्रातच पाहिला होता. चौकात सैनिकांसाठी उबदार कपडे गोळा होऊ लागले. सिरिलो मला घेऊन बँडवाल्यांच्याही आधी हजर.

“अहो, निकानोरचं नाव तरी टाका त्यावर,” एर्मेलिंदा म्हणाली.

“तिथली सगळीच पोरं आपली. ज्याला हुडहुडी भरेल त्याच्या अंगावर जाईल.”

मला त्या बोलण्याचा फार अभिमान वाटला.

पण मी गोदामातच पडून राहिलो. मग एका कर्नलसाहेबांनी मला घरी नेलं. तिकडे खंदकात निकानोरचा जीव गेला. गोळीने नाही, गारठ्याने. त्याच्या सोबत्याने येऊन तसं सांगितलं. तरी सिरिलोने दारावरचा झेंडा उतरवला नाही. देशाकडेच उबदार कपडे नसतील, तर तो देणार कुठून, अशी तो मनाची समजूत घालायचा.

पुढच्या जूनमध्ये चौकात शहिदांच्या आईबापांचा सत्कार होता. बोचरा वारा सुटला होता. कर्नलसाहेब मला गुडघ्यांवर पांघरून व्यासपीठावर बसले होते. पदक घ्यायला सिरिलो पायऱ्या चढला आणि लाल गोंड्यापाशी थबकला. मग वाकून त्याने मला ओढून काढलं.

“पदक राहू द्या तुमच्यापाशी. माझ्या बायकोने विणलेला हा पाँचो पोरांसाठी होता, तुमच्या गुडघ्यांसाठी नाही.”

हा देशाचा अपमान आहे, असं साहेबांनी दरडावलं.

“देशालाच दिला होता मी,” सिरिलो म्हणाला. “मध्ये तुम्ही कोण?”

शिपाई पुढे सरसावले, पण बाकीचे आईबाप उठून उभे राहिले, तसे ते जागीच थांबले. सिरिलोने मला अंगावर घातलं आणि तो चौकातून चालत घरी आला. झेंडा अजून दारावर आहे. दर जूनला चौकातल्या कार्यक्रमात सिरिलो मला घालून पहिल्या रांगेत बसतो. भाषणं आता आटोपशीर होतात.

मित्रांनो, मला काचेच्या कपाटात ठेवू नका, हारही घालू नका. तुम्ही दिलेलं कुठे गेलं ते मात्र विचारा, अगदी चारचौघांत विचारा. आणि सिरिलोनंतर मला कुडकुडणाऱ्या पोराच्या अंगावर घाला. माझी ऊब अजून तशीच आहे. ती मी निकानोरसाठी नेत होतो.