एक्केचाळीस वेळा झोप

कारखान्यात कॅमेरे लावा, या अर्जावर पहिली सही माझी होती, हे आधीच सांगून टाकते. माझी कात्री चोरीला गेली होती ना! पुढे ती मेली इस्त्रीच्या टेबलामागे सापडली, पण कॅमेरे डोक्यावर बसले ते बसलेच.

आम्ही सासू-सून एकाच कारखान्यात. मी कोट शिवते, आई तपासतात. म्हणजे कोटात हात घालून, डोळे मिटून शिवणीवरून बोट फिरवतात. सुटलेला टाका डोळ्यांना चकवतो, बोटाला नाही, असं त्यांचं म्हणणं. बावीस वर्षं हेच करत आल्या.

शुक्रवारी साहेबांनी आम्हाला बोलावलं. पडद्यावर आईंचा चेहरा, खाली लाल अक्षरं : झोप, दिवसात एक्केचाळीस वेळा. आई बिचाऱ्या ओशाळून चष्मा पुसत बसल्या. माझं डोकंच फिरलं.

"अहो, झोपलेल्या माणसाचं बोट चालतं का?"

"बोट कोटाच्या आत असतं. कॅमेऱ्याला चेहरा दिसतो."

"आणि तुमचे डोळे? ते काय भाड्याने दिलेत?"

ढिगातला एक कोट उचलून मी आईंच्या हातात कोंबला. त्यांनी डोळे मिटले. बाही, खांदा... काखेपाशी बोट थांबलं.

"इथे दोन टाके सुटलेत."

साहेबांनी वाकून पाहिलं. सुटले होते. शिवण माझीच निघाली, तरी मला आईंचा अभिमानच वाटला.

"मान्य," साहेब म्हणाले. "पण वर कोट जात नाही, आकडा जातो. सोमवारी उघड्या डोळ्यांनी तपासा. पुन्हा झोप दिसली तर कामावरून कमी करावं लागेल. माझा नाइलाज आहे."

नाइलाज म्हणे! तो पडदा उचलून आपटावासा वाटला. आपटला असता, तर दोघी घरी बसलो असतो.

रविवारी आई खिडकीशी माझा जुना कोट मांडीवर घेऊन बसल्या होत्या. डोळे ताणून उघडे, त्यांतून पाणी वाहत होतं. काखेत कोट उसवलेला, आणि बोट त्यावरून सरळ पुढे निघून गेलं.

"आई, घरात तरी मिटा डोळे. इथे कोण बघतंय?"

"नको गं, सवय मोडू दे." त्यांनी पुन्हा बोट फिरवलं. "काही लागलं नाही बघ. ठीक आहे ना शिवण?"

"ठीक आहे," मी म्हणाले. शिवणीबद्दल त्यांच्याशी मी पहिल्यांदाच खोटं बोलले.