रीळ थांबवू नका

मित्रांनो, मी एक जुना प्रोजेक्टर आहे. भिंतीवर हलती चित्रं दाखवणं हे माझं काम. माझ्या पोटात एक बल्ब, त्याच्यासमोरून धावणारं रीळ आणि बाजूला एक दांडा आहे. दांडा ओढला की रीळ थांबतं आणि बल्बची आग अडवायला पत्र्याची एक झडप खाली पडते. ती पडली नाही, तर थांबलेलं चित्र जळतं. एवढं लक्षात ठेवा.

कारखान्यातून मी थेट एका तरुण जोडप्याच्या घरी आलो. बाबांना चित्रीकरणाचा भारी नाद होता. आईला मात्र फोटोचं वावडं; कॅमेरा दिसला की ती तोंड फिरवायची. त्यामुळे घरात तिचा एकही फोटो नव्हता. बाबा तिला नकळत टिपायचे आणि सुट्टीच्या दिवशी चादरीवर दाखवायचे. "बघ, कशी सापडलीस," असं ते म्हणाले की ती उशी फेकून मारायची. माझे ते सुखाचे दिवस.

मुलगी रांगायच्या आत आई आजाराने गेली. मग बाबा मला रोज काढू लागले. तिचा चेहरा आला की दांडा ओढायचे आणि बघत बसायचे. त्या ओढाताणीत माझी झडप मोडली. तरी त्यांचा हात दांड्याकडे जायचाच. चेहरा मधोमध तपकिरी व्हायचा, फुगायचा आणि तिथे भोक पडायचं. बाबा मुकाट्याने जळका तुकडा कापायचे आणि टोकं चिकटवायचे. तिचं एकच दृश्य उरलं, तेव्हा त्यांनी मला माळ्यावर टाकलं. वाईट वाटलं, पण मला ते पटलं होतं.

मी वर्षानुवर्षं धूळ खात पडलो. मुलगी मोठी होऊन माहितीपट करू लागली, आठवणींवरचे, संथ. "तुझ्या फिल्ममध्ये चहा निवेपर्यंत काही घडत नाही," असं म्हणून बाबा तिला चिडवायचे. मग तिने स्वतःच्याच घरावर फिल्म करायला घेतली आणि मला खाली काढलं. आईचा चेहरा तिने कळत्या वयात कधीच पाहिला नव्हता.

भरदुपारी पडदे ओढले. रिळाला आंबूस वास येत होता.

"आधी याची नक्कल करून घे," बाबा म्हणाले.

"करू ना. पण इतक्या वर्षांनी तिला बघताना तुम्ही कसे दिसता, ते मला टिपायचंय. रीळ कुठे पळून जातंय?"

तिने कॅमेरा बाबांच्या चेहऱ्यावर लावला आणि भिंतीकडे पाठ केली.

"मध्येच थांबवू नकोस मात्र," बाबा हलकेच म्हणाले. का, ते कॅमेऱ्यासमोर त्यांना सांगवेना.

मी खडखडत सुरू झालो. भीतीने माझा जीव अर्धा झाला होता, पण यंत्राला ओरडता येत नाही. भिंतीवर अंगण आलं, दोरीवरचे कपडे आले. मग आई वळली. बाबांचा चेहरा असा उजळला की मुलीने तो तसा जन्मात पाहिला नव्हता. तो तसाच राहावा म्हणून तिने मागे हात नेऊन दांडा ओढला.

बाबा उठेपर्यंत खोलीभर जळका वास पसरला होता. मुलगी वळली तेव्हा भिंतीवर नुसता पांढरा उजेड होता.

"असू दे," बाबा म्हणाले. "तू पाहिलीस ना तिला? तुझ्यासारखीच हसायची."

"हो. पाहिली," ती म्हणाली.

ती फिल्म पुढे खूप नावाजली गेली. बाबांचा तो चेहरा पाहून लोकांचे डोळे भरून येतात. ते कशाकडे बघतायत, असं कोणी विचारलं की ती विषय बदलते.

मित्रांनो, तुमच्या घरी असं एखादं रीळ असेल, तर आधी त्याची नक्कल करून घ्या. माझ्यासारख्या म्हाताऱ्या यंत्राची झडप तपासून घ्या. आणि भिंतीवर आपलं माणूस आलं की हातातलं काम सोडून आधी वळून त्याच्याकडे बघा.